वही बंद ठेवलेला तास

अकरावीच्या एका विद्यार्थिनीने रसायनशास्त्राच्या वार्षिक परीक्षेत पाच गुणांच्या एका प्रश्नाचे उत्तर लिहिले. ते उत्तर चुकीचे होते, याविषयी तेव्हाही दुमत नव्हते आणि आजही नाही. चूक नेमकी कुठे होती, एवढाच प्रश्न आहे, आणि त्याचे उत्तर शोधण्यासाठी हे टिपण लिहायला घेतले आहे. तो पेपर मी तपासला होता आणि शून्यही मीच दिले होते. परंतु हा प्रश्न मला त्या वेळी विचारणारा मनुष्य एकच होता. म्हणून आधी त्याच्याविषयी सांगणे आवश्यक आहे.

नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला मी माझे गाव सातारा सोडून सांगलीला, विश्रामबागेतल्या एका कनिष्ठ महाविद्यालयात शिक्षिका म्हणून रुजू झाले. तो मनुष्य म्हणजे आमच्या विभागातले सर; ते माझ्याहून वीस वर्षांनी ज्येष्ठ होते. शिक्षकांच्या खोलीत खिडकीलगतचे टेबल त्यांचे. त्या टेबलावर बूच लावलेल्या दहा-बारा लहान बाटल्या एका ओळीत मांडलेल्या असत आणि प्रत्येकीत राख असे. उसाच्या चिपाडाची राख, शेणीची राख, कापसाची राख, मॅग्नेशियमच्या फितीची पांढरीशुभ्र राख. प्रत्येक बाटलीवर चिठ्ठी, चिठ्ठीवर तारीख. मुले त्यांना पाठीमागे ‘राखुंडी सर’ म्हणत. सरांना ते ठाऊक होते. एकदा वर्गात शिरताना त्यांनी ते स्पष्ट ऐकले, तेव्हा ते शांतपणे म्हणाले, “राखुंडीने निदान दात तरी स्वच्छ होतात. माझ्याने काय होतं ते एप्रिलात कळेल.”

नव्या माणसाची ओळख झाली की ते त्याच्यापुढे एक बाटली धरत आणि विचारत, “ही राख त्या लाकडात आधीपासून होती, की जाळल्यावर तयार झाली?” मलाही पहिल्याच दिवशी विचारले. मी काहीतरी नेटके उत्तर दिले. ते म्हणाले, “बाई, तुम्ही उत्तर दिलंत. मी तुम्हाला प्रश्न दिला होता.” मला ते उद्धटपणाचे वाटले. त्यात उद्धटपणा नव्हता, हे समजायला मला काही महिने लागले.

फळ्यावर एखादी व्याख्या किंवा सूत्र लिहिले की त्याच्याखाली ते त्या दिवसाची तारीख घालत. पाण्याचे सूत्र, खाली तारीख. अणूची व्याख्या, खाली तारीख. कुणी विचारलेच तर सांगत, “आजच्या तारखेस असं मानतात. उद्याचं उद्या.” ही सवय वर्गापुरती राहिली नव्हती. प्रयोगशाळेत काम करणारे तात्या मला एकदा कपबशा विसळता विसळता म्हणाले, “बाई, सरांस्नी च्या द्यायचा म्हंजे लय अवघड काम बगा. साखर बरी हाय का इचारलं, तर म्हनत्यात, आत्तापातूरच्या घोटात हाय. आता ह्याला काय बोलायचं?”

अनुमापनाच्या प्रयोगात ब्युरेटची, म्हणजे द्रव मोजून सोडणाऱ्या नळीची, तीन वाचने घ्यायची असतात आणि ती जुळावी लागतात. मुले पहिले वाचन घेऊन उरलेली दोन तशीच लिहून टाकतात. ही गोष्ट सर्वत्र चालते आणि सर्वत्र खपवून घेतली जाते. सर तीनही आकडे तंतोतंत सारखे दिसले की प्रयोगवही परत करत. “तीन माणसं एकच साक्ष शब्दाला शब्द देत असतील तर ती पढवलेली असते,” असे त्यांचे म्हणणे होते. याउलट एखाद्याचे एक वाचन चुकले असेल आणि त्याने ते न खोडता शेजारी कारण लिहिले असेल, तर ते पूर्ण गुण देत.

जुन्या शास्त्रज्ञांना कुणी हसलेले त्यांना मुळीच चालत नसे. एका मुलाला त्यांनी उभे केलेले मला आठवते. “हसू नकोस. तो तुझ्यापेक्षा हुशार होता. तू फक्त त्याच्यानंतर जन्मलास. त्यात तुझं कर्तृत्व काय?”

आता मूळ विषयाकडे येते. दरवर्षी जुलैत, अकरावीचे वर्ग सुरू झाले की पहिले तीन आठवडे सर ज्वलन हा एकच विषय शिकवत, आणि तो अठराव्या शतकात जसा समजला जाई तसा शिकवत. ती समजूत थोडक्यात अशी होती. जळणाऱ्या प्रत्येक वस्तूत ‘फ्लॉजिस्टन’ नावाचे एक तत्त्व असते. वस्तू जळते म्हणजे तिच्यातून हे तत्त्व बाहेर पडते, आणि जे उरते ती राख. पेल्याखाली झाकलेली मेणबत्ती विझते, कारण आतल्या हवेत आणखी फ्लॉजिस्टन मावत नाही. कोळसा जवळजवळ पूर्ण जळून जातो, कारण तो जवळजवळ फ्लॉजिस्टनचाच बनलेला असतो. म्हणूनच धातूची राख कोळशाबरोबर तापवली की कोळसा तिला फ्लॉजिस्टन परत देतो आणि धातू पुन्हा मिळतो. वाचकांच्या लक्षात येईल की या मांडणीत सगळे बरोबर जुळते. त्या काळच्या बहुतेक रसायनज्ञांनी ती मानली होती, ती काही उगीच नव्हे.

सर हे सगळे मराठीतून शिकवत. अकरावीला विज्ञान इंग्रजीत होते आणि खेड्यांतून आलेली मुले पहिल्या महिन्यात त्या भाषेखाली दडपून जात. त्यांना सरांचा तास म्हणजे विसावा वाटे. पहिल्याच दिवशी सर सांगत, “शाळेत शिकलात ते आजपासून बाजूला ठेवा.” मुले ठेवत. दहावीला पाठ केलेला प्राणवायूही बाजूला ठेवत. तीन आठवड्यांत वह्या नेटक्या भरत, आकृत्या निघत, आणि हे सारे चूक आहे असे सर एका शब्दानेही सुचवत नसत.

मग एका ठरलेल्या दिवशी ते रासायनिक तराजू वर्गात आणवत. “आज वह्या बंद. हा तास लिहायचा नसतो, बघायचा असतो.” मॅग्नेशियमची फीत मुशीत ठेवून तोलायची, झाकण जपून उघडत-मिटत ती जाळायची, मूस थंड करून पुन्हा तोलायची. राख फितीपेक्षा जड भरे. वर्ग गप्प होई. काहीतरी बाहेर पडले असेल तर वजन वाढले कसे? त्या शांततेत सर हवेतला प्राणवायू धातूशी संयोग पावतो ही पुढची कल्पना मांडत. “एका ओळीत मिळालेलं सत्य एका ओळीतच विसरलं जातं,” असे त्यांनी मला या पद्धतीचे समर्थन करताना सांगितले होते. मी तो तास एकदा मागच्या बाकावर बसून पाहिला. इतका परिणामकारक तास मला आयुष्यात घेता आलेला नाही.

परंतु त्याचा एक परिणाम कुणाच्याच लक्षात आला नव्हता. वर्गातल्या प्रत्येक वहीत तीन आठवड्यांचे फ्लॉजिस्टन होते, आणि ते खोडणारा तास एकाही वहीत नव्हता. पुढच्या पानावर थेट वायूंचे नियम सुरू होत.

ती मुलगी पलूसहून रोज एसटीने येत असे. बुटकी, अबोल, दुसऱ्या बाकावर बसणारी. वडील फौजेतून हवालदार म्हणून निवृत्त झालेले, आता घरचा ऊस पाहत. तीन आठवडे ती न चुकता वर्गात होती. तराजूच्या तासाच्या दोन दिवस आधी तिला टायफॉइड झाला. पंधरवड्याने परतल्यावर तिने मैत्रिणीची वही आणून राहिलेले सगळे उतरवून घेतले. जे वहीत होते ते तिने घेतले. वहीत नसलेलेही काही राहून गेले आहे, हे तिला कळण्याचा मार्ग नव्हता.

एप्रिलमध्ये पेपर तपासताना तुकड्यांची अदलाबदल होई. सरांच्या तुकडीचे गठ्ठे माझ्याकडे आले. प्रश्न असा होता: धातू हवेत जाळल्यास वजन वाढते, याचे कारण स्पष्ट करा. तिने तुटक इंग्रजीत दिलेले उत्तर मी मराठीत देते. ही प्रत माझ्याकडे कशी आली ते पुढे येईल.

“धातू जळताना त्यातून फ्लॉजिस्टन बाहेर जाते. तरी वजन वाढते. म्हणून फ्लॉजिस्टन वस्तूला हवेत उचलून धरत असले पाहिजे. आमच्याकडे विहिरीत पोहायला शिकताना पाठीला रिकामा डबा बांधतात. डबा सोडला की मूल खाली जाते. काही कमी झाले, तरी पाण्यात ते जड झाले. तसेच धातूचे हवेत होते. हे बरोबर आहे का हे पाहण्यासाठी जिथे हवा नाही अशा जागी धातू आणि राख तोलावी. तिथे राख जड भरू नये.”

मी पहिल्या ओळीतला फ्लॉजिस्टन हा शब्द पाहिला आणि तांबड्या शाईने उत्तरावर आडवी रेघ मारली. पुढचे वाचले नाही. रसायनशास्त्रात ती तीन गुणांनी नापास झाली. सवलतीचे गुण आधीच गणितात देऊन झाले होते.

निकालपत्रक कार्यालयात देण्याच्या दिवशी, दुपारी चारच्या सुमारास सर तिचा पेपर घेऊन माझ्या टेबलाशी आले. स्वतःच्या तुकडीतल्या नापासांचे पेपर ते दरवर्षी चाळत.

“बाई, हे उत्तर तपासलंत?”

“हो सर. शून्य दिलंय.”

“ते दिसलं. चूक कुठं आहे?”

“अहो सर, फ्लॉजिस्टन लिहिलंय तिनं!”

“ते नाव झालं. चूक कुठल्या वाक्यात आहे? बोट ठेवून दाखवा.”

मी हसले. “तुमच्याच भाषेत सांगायचं तर आजच्या तारखेस हे उत्तर चूक आहे.”

ते हसले नाहीत. त्यांनी मला सांगितले, की दोनशे वर्षांपूर्वी फ्रान्समधल्या एका नामांकित रसायनज्ञाने जवळजवळ हाच युक्तिवाद केला होता. “त्यानं तो छापला. त्याला मान मिळाला. ही पोर पलूसला बसून, कुणी न सांगता तिथवर पोहोचली. मी ज्या दिवशी हे खोडलं, त्या दिवशी ती वर्गात नव्हती.”

“मग काय करू सर? तीन गुण वाढवू का?”

“ते मी म्हणणार नाही. मी सांगितलं म्हणून वाढवलेत, तर ते गुण माझे होतील. तिचे नाहीत. तुम्ही फक्त एकदा पूर्ण वाचा.”

“उद्या वाचते सर. पाचला पत्रक द्यायचंय.”

“उद्या,” ते म्हणाले, आणि तो पेपर गठ्ठ्यात त्याच्या क्रमांकाच्या जागी व्यवस्थित ठेवून निघून गेले. पाच वाजता मी पत्रकावर सही केली.

आठवड्याने तिचे वडील आले. खादीचा स्वच्छ सदरा, ताठ बांधा. मुलगी दाराबाहेर उभी होती. सरांनी त्यांना खुर्ची दिली. ते बसले नाहीत.

“सर, पोरगी म्हनती, तुमी शिकिवलं त्येच लिवलं. ही खरं हाय का?”

“खरं आहे.”

“आनी ती चुकीचं हाय?”

“होय. पुढे एका तासाला मी ते दुरुस्त केलं. तेव्हा ही आजारी होती.”

“म्हंजे तीन आठवडं तुमी पोरांस्नी जानूनबुजून चुकीचं शिकिवलं?”

“होय,” सर म्हणाले.

“आमच्यात रायफल शिकिवताना असं क्येलं तर मानूस मरतोय, सर.”

खोलीतले सगळे शिक्षक आपापल्या कागदांत मान घालून बसले. मीही त्यांत होते. शून्य मी दिले आहे, हे सांगण्याची ती वेळ होती.

“जूनमध्ये फेरपरीक्षा आहे,” सर म्हणाले. “तिला बसू द्या. मी स्वतः शिकवतो. सायन्स सोडायला लावू नका, तिचं डोकं—”

“कशापायी? आनी काय काय चुकीचं शिकिवलंय ती कळायला?” त्यांचा आवाज चढला नाही, उलट खाली आला. “सर, तुमी हुशार मानूस हायसा, न्हाई म्हनत न्हाई. पर माझी पोर तुमच्या परयोगाला न्हाई. पलूसला आर्ट्सला घालतो. घरापासनं जवळ हाय.”

ते गेले. मुलीने जाताना सरांना वाकून नमस्कार केला. मला केला नाही. तिला माझे नावही ठाऊक नसावे.

पुढच्या जुलैत सरांनी वर्गावर जाऊन पहिल्या दिवसापासून इंग्रजीत टिपणे सांगायला सुरुवात केली. स्वल्पविराम, पूर्णविरामासकट. फळ्यावर तारखा येईनाशा झाल्या. बाटल्या कुठे गेल्या असे मी तात्यांना विचारले, तर ते म्हणाले, “सरांनीच मोरीत वतल्या की वो. मी म्हनलं ऱ्हाऊ द्या, तर म्हनले, तात्या, बाटल्या धुऊन ठेवा, उपेगी पडतील.” वर्षभराने सरांनी संस्थेच्या सातारच्या शाखेत बदली मागून घेतली.

त्या निकालानंतर सहा वर्षांनी माझीही तिथे बदली झाली. सर निवृत्तीला आले होते. त्यांच्या वर्गावरून जाताना एकसुरी आवाज ऐकू येई आणि खाली माना घालून लिहिणारी मुले दिसत. निकाल उत्तम लागत. संस्था त्यांच्यावर प्रसन्न होती. एका दुपारी प्रयोगशाळेत आम्ही दोघेच असताना मी विचारले, की एवढ्या एका प्रकरणावरून त्यांनी इतकी वर्षांची पद्धत का सोडली.

“एका प्रकरणावरून नाही,” ते म्हणाले. “मी त्याच वर्षी मे महिन्यात पलूसला गेलो होतो.”

हे मला ठाऊक नव्हते. तराजूची पेटी मांडीवर घेऊन ते एसटीने गेले होते. हवालदारांनी पाणी दिले, चहा दिला आणि समोरच खुर्ची टाकून बसले. मुलीच्या चुकलेल्या तासाची भरपाई करायची, एवढेच सरांच्या मनात होते. त्यांनी पडवीत तराजू मांडला, फीत तोलली, जाळली, पुन्हा तोलली. राख जड भरली. सर थांबले. दरवर्षी याच ठिकाणी वर्ग गप्प होत असे.

“ती काय म्हणाली माहीत आहे? म्हणाली, सर, वजन वाढतंय हे मी लिवलंयच की. का वाढतंय, हा प्रश्न हाय.” सरांनी चष्मा काढला. “बाई, वीस वर्षं मी तो तास घेतला. वीस वर्षं वर्ग गप्प बसला आणि मला वाटलं, पटलं म्हणून गप्प बसला. तराजूनं काहीच खोडलं नव्हतं. वजन वाढतं हे फ्लॉजिस्टन मानणाऱ्यांनाही माहीत होतं, त्यांच्याकडेही उत्तरं होती. हे मी वाचलेलं होतं. तरी एका तासात निकाल लागतो अशी गोष्ट रचून मी ती इतिहास म्हणून सांगत होतो. पुस्तकाची एक ओळ, माझा एक तास. फरक काय?”

“मग तिला काय सांगितलंत?”

“काही नाही. सुचलं नाही. ती म्हणाली, हवा नसलेल्या जागी तोलून बगूया. ती जागा माझ्याकडे नव्हती. हवालदार म्हणाले, झालं का सर? मी पेटी बांधली.” चष्मा पुसून पुन्हा लावत ते म्हणाले, “उत्तर परत येताना एसटीत सुचलं. साधं गणित होतं. घरी येऊन पत्र लिहिलं. वडिलांचं उत्तर आलं: मुलीचं कॉलेज सुरू झालं आहे, कृपया यापुढे पत्र पाठवू नये. माझं पत्र त्यांनी तिला दाखवलं की नाही, ते कळायला मार्ग नाही.”

मी त्यांना तिचे उत्तर आठवते का विचारले. त्यांना ते शब्दशः पाठ होते. त्यांनी सांगितले आणि मी उतरवून घेतले. अशा रीतीने, वाचायला हवे होते त्यानंतर सहा वर्षांनी, मी ते उत्तर प्रथमच शेवटपर्यंत वाचले. ते उत्तर मी पूर्ण न वाचताच रेघ मारली होती, हे मी त्यांना त्या दिवशी सांगितले. ते म्हणाले, “मला तेव्हाच कळलं होतं. तुम्ही ‘उद्या वाचते’ म्हणालात. ‘उद्या पुन्हा वाचते’ म्हणाला नाहीत.”

पुढल्या वर्षी ते निवृत्त झाले, पाचगणीला बहिणीकडे राहायला गेले, आणि तिथेच वारल्याचे मला दोन महिन्यांनी समजले. ती मुलगी पुढे काय करते हे मी शोधले नाही. शोधून तिला काय सांगायचे, ते माझे ठरले नाही.

ते गणित मात्र मी करून पाहिले आहे. पोहणाऱ्या मुलाला डबा उचलून धरतो, पण किती? डब्याने बाजूला सारलेल्या पाण्याच्या वजनाइतकेच. त्याहून अधिक नाही. तोच नियम हवेला लागू आहे. एक ग्रॅम मॅग्नेशियम सुमारे अर्धा घन सेंटीमीटर जागा व्यापते. तेवढ्या हवेचे वजन एक मिलिग्रॅमही भरत नाही. म्हणजे हवा त्या धातूला जास्तीत जास्त एवढेच उचलून धरू शकते, आणि आतले काहीही सुटून गेले तरी त्यापायी वजन यापेक्षा अधिक वाढू शकत नाही. प्रत्यक्षात पूर्ण जळाल्यावर ते सहाशेहून अधिक मिलिग्रॅमनी वाढते.

तेव्हा चूक ‘तसेच धातूचे हवेत होते’ या एका वाक्यात आहे. कल्पना करून झाल्यावर तिने ती मोजली नाही. त्या वाक्याआधीचे निरीक्षण बरोबर आहे, दाखला बरोबर आहे, आणि कल्पना खोटी ठरू शकेल अशी कसोटी तिने स्वतःहून सुचवली आहे. न मोजल्याबद्दल मी दोन गुण कापेन. पाचपैकी तीन. तिला तीनच हवे होते.

उत्तर वर पूर्ण दिले आहे आणि माझे गणितही दिले आहे. वाचकांनी कृपया दोन्ही शेवटपर्यंत वाचावीत आणि स्वतः तपासून पाहावीत.